सतरापैकी सतरा

अहवालातलं ते वाक्य सपनाचंच होतं, आणि वाक्य म्हणून त्यात काही खोट नव्हती. 'सदर खेळाडूचा गेम एकूण सतरा वेळा मध्येच बंद पडला असून सतराही वेळा ती पिछाडीवर होती; गेम मुद्दाम बंद पाडला जात असल्याचे यावरून दिसते.' आकडे तिने दोनदा पडताळले होते. जिनेशने तर संध्याकाळच्या चहाला ते सगळ्यांना वाचून दाखवलं.

"याला म्हणतात पुरावा," तो म्हणाला. "सतरापैकी सतरा. कोर्टात उभा राहील."

जळगावच्या दाणा बाजारात सुगनचंदजींचं धान्याचं जुनं दुकान आहे. त्याच्या वरच्या मजल्यावर त्यांच्या नातवाने, जिनेशने, गेमची कंपनी काढली. माणसं सहा, गेम एकच: घडगाडी. सावद्याच्या मळ्यातून केळीचे घड कापायचे, ट्रकमध्ये रचायचे आणि समोरच्या खेळाडूच्या आधी दिल्लीच्या बाजारात नेऊन विकायचे. समोरचा खेळाडू भुसावळचा असेल, नाहीतर थेट भोपाळचा. घड नीट रचले नाहीत तर वळणावर घसरतात, उशीर झाला तर काळे पडतात, आणि भाव तर क्षणाक्षणाला हलतो. लोकांना वेड लागलं. शहाद्यापासून रावेरपर्यंत टपरीवर, एसटीत, दवाखान्याच्या रांगेत माणसं केळी कापू लागली.

भांडवल सुगनचंदजींचं, म्हणून एक अट त्यांची होती. त्यांच्या जैन घरात आठम-चौदसला, म्हणजे अष्टमी-चतुर्दशीला, हिरवी भाजी चिरत नाहीत. "मग माझ्या पैशाच्या खेळात त्या दिवशी हजारो घड कापले जातील, ते मी कसं बघू?" त्यांनी विचारलं. जिनेशने आधी हसण्यावारी नेलं, मग त्यालाच त्यात गंमत दिसली. आठम आणि चौदस या तिथींना गेममधली तोड बंद ठेवली. तोड बंद म्हणजे माल कमी, माल कमी म्हणजे भाव चढा. हुशार खेळाडू 'उद्याचा बाजार' हे पान उघडून उद्याचा भाव बघायला शिकले. आज हरायची वेळ आली तर गाडी सावद्यालाच उभी ठेवायची आणि उद्या चढ्या भावाने विकायची, असा डाव काही जण टाकू लागले. आजोबांच्या अटीने खेळाला उलट रंगतच आली.

सपना धुळ्याची. भौतिकशास्त्रात एमएस्सी. पाच वर्षं तिने धुळ्याच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवलं, आणि तासिका आटत आटत आठवड्याला चार उरल्या तेव्हा ही नोकरी धरली. गेम कुठे अडतो आणि का अडतो, ते शोधायचं, हे तिचं काम. सहा महिन्यांनी कायम करू, असं जिनेशने सांगितलं होतं. पाच झाले होते.

आणि गेम अडत होता. आठवडेच्या आठवडे सुरळीत चालायचा, मग एखाद्या दिवशी शे-दीडशे तक्रारी. खेळता खेळता पडदा काळा, गेम बंद. कुठलाही फोन, कुठलंही गाव. प्रोग्रॅम लिहिणारा हितेंद्र म्हणायचा, नेटवर्क. बंद पडताना गेम फक्त वेळ आणि त्या घडीचे गुण कळवायचा. कुठल्या पानावर पडला, ते कळवायची सोय हितेंद्र वर्षभर 'पुढच्या महिन्यात' करणार होता. त्यात नियम असा, की बिघाड झाला तर कुणाची हार धरायची नाही, सामना रद्द. जिनेशच्या डोक्यात तिथेच किडा वळवळला. "हरायला लागले की हेच लोक गेम बंद करतात," तो म्हणाला. "मॅडम, मला नावं काढून द्या."

सपनाने नऊ नावं काढून दिली. पहिलं ताईबाईचं. ती सगळ्या खेळाडूंत तिसरी होती आणि येत्या रविवारी जळगावात होणाऱ्या अंतिम फेरीतल्या आठांत तिची निवड झाली होती. दुसऱ्या दिवशी गेम उघडला की पहिल्याच पानावर पाटी दिसू लागली: 'फसवे खेळाडू'. नाव, गाव, फोटो. ताईबाई, धुळे. फोटोत ती डोक्यावर पदर घेऊन, पासपोर्टला बसावं तशी बसली होती.

मंगळवारी दुपारी तिचा फोन आला. आधीचे दोन हितेंद्रने घेतले होते. या वेळी त्याने मोबाईलवर हात ठेवला आणि तो सपनापुढे सरकवला.

"सपनाताई, तुमची सतरापैकी सतरा. घ्या, तुमच्या धुळ्याची आहे. तुम्हीच बोला अहिराणीत."

"हॅलो. मी सपना. चाचणीचं काम मी बघते."

"तूच लिखं का ते? मी मुद्दाम गेम पाडस म्हनीसन?"

सपनाला 'कंपनीने' म्हणता आलं असतं. "हो," ती म्हणाली. "मी लिहिलं."

पलीकडे पोती आपटल्याचा आवाज आला, कुणीतरी ओरडून आकडा सांगत होतं. मग ताईबाई म्हणाली, "मंग तुलेच सांगस. मी बाजारमा मापाडी शे. मना मालक गयात तवयपासून अठरा वरीस काटा मना हातमा शे. बठ्ठा बाजारमा बाई मापाडी मी एकलीच. मापाडीले दुसरं काय लागस? नाव लागस. ते तुम्ही फोटो लाईसन टांगी दिधं."

"अक्का, मी आकडे बघूनच..."

"आकडा माले नको शिकाडू. जनमभर आकडाच बोलेल शे. मी कधी हारनी नही का? शंभरदा हारेल शे. तवय गेम चालूच व्हता. त्या शंभर तू मोज्यात का?"

सपनाने ते मोजले नव्हते.

"मोज पहिले," ताईबाई म्हणाली. "मंग लिख." आणि फोन बंद झाला.

"काय म्हणत होती?" हितेंद्रने विचारलं.

"बरोबर म्हणत होती," सपना म्हणाली.

ती मोजायला बसली. काम दहा मिनिटांचं होतं. ताईबाई वर्षभरात एकशे साठ सामन्यांत पिछाडीवर गेली होती. सतरा वेळा गेम बंद पडला होता. उरलेले एकशे त्रेचाळीस सामने ती शेवटपर्यंत खेळली होती आणि त्यातले बहुतेक सरळ हरली होती. ज्या बाईला गेम पाडून हार टाळता येते, ती एकशे त्रेचाळीस वेळा हात बांधून बसत नाही. प्रथम वर्षाच्या मुलांना सपना हेच शिकवायची: दवाखान्यात बसून डोकी मोजली तर अख्खं गाव आजारी निघेल, बाहेर जाऊन मोजा. मुलं हसायची. स्वतः ती दवाखान्यात बसून मोजत राहिली होती, कारण जिनेशला गाव आजारी हवं होतं, आणि सहावा महिना जवळ आला होता. हे दुसरं कारण तिने मनातल्या मनात पूर्ण वाक्य करून म्हटलं. अर्धवट सोडलं असतं तर ते पुन्हा निसटलं असतं.

मग तिने तारखा मांडल्या. सतरा वेळा बंद पडणं, पण दिवस अकराच. तिने इतरांच्या तक्रारी त्यावर ठेवल्या. ताईबाईचे अकराही दिवस त्यांत होते. त्याच दिवशी चोपडा, मालेगाव, इंदूर, सगळीकडे गेम पडला होता. बाकीच्यांचा एकदा-दोनदा पडला म्हणून त्यांचं नाव कुणी काढलं नव्हतं. दिवसांमध्ये अंतर मात्र विचित्र होतं. कधी सव्वीस दिवस, कधी बासष्ट. वारात बसेना, महिन्याच्या तारखेत बसेना.

तिने ताईबाईला उलट फोन लावला. "अक्का, पिछाडीवर गेलात की तुम्ही काय करता?"

"काय करसू? उद्याना भाव देखस. आज तोटा खावापेक्षा उद्या इकेल बरा. एवढं समजस नही का तुले?"

सपनाने चाचणीचा फोन घेतला. त्याची तारीख त्या अकरांपैकी एका दिवसावर नेली, सामना सुरू केला, 'उद्याचा बाजार' उघडला. पडदा काळा. पुन्हा. काळा. बारा वेळा केलं, बाराही वेळा काळा. मग तारीख एका साध्या दिवसावर आणली आणि बारा वेळा केलं. एकदाही पडला नाही. आघाडीवरचा खेळाडू आजच विकून मोकळा होतो, तो उद्याकडे बघतच नाही. उद्याकडे बघतो तो हरणारा. म्हणून गेम हरणाऱ्याचाच पडत होता.

त्या पानावर असं काय होतं, जे बाकी कुठेच नव्हतं? एकच गोष्ट. ते पान उद्याची तिथी विचारायचं.

तिथींचा तक्ता सुगनचंदजींनी स्वतः भरला होता. एका बोटाने, महिनाभर, पंचांग मांडीवर घेऊन. सपना यादी घेऊन खाली दुकानात गेली. ते गादीवर बसून मुगाचे दाणे दाताखाली धरून बघत होते. वय एक्क्याऐंशी.

"बाबूजी, या तारखांना काय होतं, सांगाल?"

त्यांनी खिळ्यावरचं पंचांग काढलं, चष्मा वर सरकवला. पहिल्या तारखेवर बोट ठेवलं, दुसऱ्या, तिसऱ्या. चौथीला त्यांचा चेहरा उजळला. "ही यादी कोणी केली, बेटा? तू? सगळ्या बरोबर आहेत. एकही सुटली नाही."

"कसल्या, बाबूजी?"

"क्षयाच्या. या प्रत्येक दिवशी एका तिथीचा क्षय आहे. ती सूर्य उगवल्यावर लागली आणि दुसरा सूर्य उगवायच्या आत संपली. जिने सूर्य बघितला नाही, तिचा दिवस नाही. आजची सहा, उद्याची आठ. सात मधल्या मधे गेली."

चंद्र सूर्यापासून बारा अंश पुढे गेला की एक तिथी होते, हे सपनाला ठाऊक होतं. चंद्राची गती सारखी नसते. तो जोरात असला की तिथी चोवीस तासांच्या आत आटोपते. वर्षाला अशा बारा-तेरा. गणित स्वच्छ होतं. "मग तक्त्यात त्या तिथीपुढे तुम्ही काय लिहिलंत?"

"काही नाही. रिकामं सोडलं."

"का?"

"अरे, जिचा दिवसच नाही, तिच्यापुढे तारीख कुठून लिहू? खोटी लिहू?"

गेम उद्याची तिथी म्हणून पुढची ओळ उघडायचा, तिथे तारीख नसायची आणि गेम कोसळायचा. ओळ रिकामी असू शकते हे हितेंद्रने धरलंच नव्हतं. म्हातारा खोटं लिहायला तयार नव्हता, एवढाच बिघाड.

सपनाने त्यांना सगळं सांगितलं. ताईबाईचंही. ते ऐकताना त्यांनी मुगाचे दाणे हळूच पुन्हा पोत्यात टाकले. "पाटीवर फोटो लावला? बाईचा?" त्यांनी विचारलं. मग म्हणाले, "जिनेशला सांग, माझं नाव लिही म्हणावं. तक्ता माझा, चूक माझी."

"तुमची चूक नाही, बाबूजी."

"ते राहू दे. माझं नाव लिहिलं तर मला काय होणार आहे या वयात?"

हितेंद्रने बिघाड चार मिनिटांत काढला. रिकामी ओळ आली तर तिच्या पुढची ओळ घे, एवढंच. "तिथी आडवी आली!" तो टाळी वाजवून म्हणाला. "आईला सांगितलं तर म्हणेल, मुहूर्त न बघता गेम काढला कशाला."

कुणीतरी हसलं. दुसऱ्या दिवशी दुपारी सपना जिनेशच्या केबिनमध्ये गेली.

तिने नवा अहवाल त्याच्यापुढे ठेवला. दोन पानं. कारण, पडताळणी, निष्कर्ष. नऊ नावांपैकी दोघं खरोखर लबाड होते. त्यांचे गेम भलत्याच दिवशी बंद पडले होते. सात जण निर्दोष. जिनेशने शेवटपर्यंत वाचलं. तो मूर्ख नव्हता, आणि सपनाला त्याचंच जास्त वाईट वाटलं.

"भारी काम केलंत, मॅडम," तो म्हणाला. "खरंच. वर्षभराची डोकेदुखी गेली. तुमचं कायमचं पत्र उद्याच काढतो."

"आणि पाटी?"

"पाटी काढू ना. रविवार होऊ द्या. सोमवारी गुपचूप काढून टाकू."

"गुपचूप का? नाव जाहीर लावलं होतं."

जिनेशने खुर्ची मागे रेलली. "ऐका. रविवारी शोरूमवाले बक्षिसाची मोटारसायकल घेऊन स्टेजवर उभे राहणार. पेपरवाले येणार. आज मी लिहू, की वर्षभर आमचीच चूक होती? सातांची माफी मागितली की सातशे येतील, आमचापण सामना रद्द झाला होता म्हणून. आणि ताईबाईच्या जागी नंबर नऊला बोलावलंय, त्याला काय सांगू, घरी जा?"

"बाबूजी म्हणतात, त्यांचं नाव लिहा."

"दादाजी काहीपण म्हणतात." तो हसला, मग हसणं आवरलं. "त्यांचं नाव मध्ये आणायचं नाही. आणि तसंही, त्यांनी तक्त्यात रिकामी जागा सोडली, मॅडम. 'मुद्दाम' हा शब्द त्यांनी नाही लिहिला. मीपण नाही लिहिला."

सपनाने मान हलवली. हे खरं होतं. त्याने ते वापरायला जपून ठेवलं होतं, हेही खरं होतं.

"मग मी माझ्या नावाने लिहिते," ती म्हणाली. "माझी चूक म्हणून. फक्त कंपनीच्या कागदावर, शिक्क्यासह द्या. एका बाईसाठी. ती मापाडी आहे, तिचं पोट तिच्या नावावर आहे."

"गेममधलं नाव हो! दुसऱ्या नंबरवरून नवीन खातं उघडू दे तिला. मी फुकट ट्रक देतो दोन." त्याने तिच्याकडे बघितलं आणि त्याचा आवाज खाली आला. "कंपनीचा कागद मिळणार नाही. साध्या कागदावर लिहायचं तर तुमची मर्जी. पण मग सोमवारी येऊ नका."

जिन्यात सुगनचंदजी उभे होते, कठड्याला धरून. त्यांनी वर येऊन ऐकलं होतं की नाही, कळायला मार्ग नव्हता. "मी त्याला सांगितलं, बेटा," ते म्हणाले. "सकाळी सांगितलं. तो म्हणाला, दादाजी, तुम्ही दुकान बघा." त्यांना आणखी काही बोलायचं होतं, पण खालून हमालाने हाक मारली आणि ते एकेक पायरी उतरून खाली गेले.

सपनाने शुक्रवारी साध्या कागदावर पत्र लिहिलं. हाताने, कारण हाताने लिहिलेलं माणसं जास्त मानतात असं तिला वाटलं. 'मी काढलेला निष्कर्ष चुकीचा होता' हे पहिलं वाक्य. खाली सही, पदवी, फोन नंबर. शनिवारी सकाळी एरंडोल, पारोळा करत ती धुळ्याला उतरली आणि घरी न जाता रिक्षाने बाजारात गेली.

हरभऱ्याचा हंगाम होता. ओट्यावर ढीग पडले होते, हमाल पोती ओढत होते, लिलाव पुढे सरकला होता. ताईबाई काट्यापाशी होती. साडीवर पुरुषी शर्ट, अंबाड्यात पेन्सिल खोचलेली. सपनाने नाव सांगितलं. ताईबाईने तिला नखशिखांत बघितलं, जसं आलेलं पोतं बघावं.

"इतली लहान शे तू?" ती म्हणाली. "माले वाटनं, कोनी मोठी मॅडम हुई."

"अक्का, मी मोजलं. तुम्ही खरं सांगत होतात. हे लिहून आणलंय."

ताईबाईने कागद हातात घेतला नाही. "मोठ्यानं वाच," ती म्हणाली. "माले नको. यासले ऐकू दे."

सपना मोठ्याने बोलणारी नव्हती. वर्गातही शेवटच्या बाकाला तिचं ऐकू जात नसे. तिने वाचायला सुरुवात केली. चार शेतकरी, दोन हमाल, एक अडत्याचा मुनीम जवळ आले. तिने प्रत्येक वाक्य लिहिलं होतं तसं वाचलं: तिथी, सूर्योदय, रिकामी ओळ, उद्याचा बाजार. लिहिताना ती वाक्यं सोपी वाटली होती. इथे ती वाऱ्यावर जात होती.

"काय म्हने ती बाई?" मागून एकाने विचारलं.

"मोबाईल तिथी खाई गया म्हने."

हशा पिकला. मुनिमाने हात पुढे करून कागद घेतला, उलटसुलट केला. "शिक्का कुठे आहे, मॅडम? कंपनीचं नाव नाही वर."

"कंपनीने दिला नाही. हे मी माझ्या नावाने लिहिलंय."

"म्हणजे तुम्ही कंपनीत नाही?"

"कालपर्यंत होते."

"काढून टाकलं?"

"मी सोडलं." बोलताना तिलाच जाणवलं, की हे नेमकं उत्तर नाही. "सोमवारी येऊ नका म्हणाले."

मुनिमाने भुवया उंचावून शेजारच्याकडे बघितलं. डोक्याला उपरणं गुंडाळलेला एक शेतकरी पुढे झाला. पुढचा ढीग त्याचा होता. "तुम्ही अक्काना कोन लागतस?"

"कुणी नाही."

"मंग जळगावथून अठे कसाले उन्यात? भाडं कोनी दिधं?"

"मीच."

"हा," तो म्हणाला, आणि भाडं अक्कानेच दिलं असणार, हे त्या 'हा'मध्ये आलं.

ताईबाईचा आवाज त्या सगळ्यांच्या वरून आला. त्यात राग नव्हता, बाजारात आकडा सांगायचा तसा सपाट होता. "तिनी माले लबाड लिखं, तवय कोनी शिक्का देखा का रे? फोटो देखा नि मानी लिनं. आज ती सोता ईसन सांगस, तं शिक्का पाहिजे तुमले."

मुनिमाने कागद सपनाच्या हातात परत दिला, घडी होती तशीच करून. माणसं पांगली.

"अक्का, मी पुन्हा कंपनीकडून..."

"राहू दे." ताईबाई काट्याकडे वळली. "तू लिखं ते लोकेसनी एक दिनमा वाचं. आते हाई वाचाले बठ्ठा जनम जाई. सरक बाजूले, पोतं येस."

उपरण्यावाल्याचं पोतं काट्यावर चढलं. लाल आकडे थरथरले, ५१.४०० किलोवर थांबले. "एक्कावन चारशे," ताईबाई म्हणाली.

शेतकरी जागचा हलला नाही. "अक्का, राग नका मानू," तो म्हणाला. "त्या काटावर एकदाव लाई देखू."

अठरा वर्षांत तिला हे कुणी म्हटलं असेल का, सपनाला माहीत नव्हतं. हमाल पोतं उचलायला वाकला, तर ताईबाईनेच दुसरं टोक धरलं. दोघांनी ते तीस पावलं चालत पलीकडच्या ओट्यावर नेलं. तिथल्या मापाड्याने मान वर करून बघितलं, ओशाळला आणि काटा मोकळा करून दिला. सपना मागोमाग गेली. तिला आकडा बघायचाच होता.

एक्कावन चारशे.

ताईबाई बाजूला उभी राहिली, म्हणजे शेतकऱ्याला आकडा नीट दिसावा. त्याने वाकून बघितला, काट्याच्या पायाखाली काही अडकलंय का ते पायाने चाचपलं. मग सरळ होऊन मुनिमाकडे वळला आणि हलक्या आवाजात, पण ऐकू जाईल असं म्हणाला, "त्या काटावरबी हिनाच मानूस हुई."

ताईबाईने पेन्सिल काढून पावतीवर एक्कावन चारशे लिहिलं, आणि पुढचं पोतं आणायला सांगितलं. शेतकऱ्याने ते तिच्या काट्यावर चढू दिलं नाही.